फुगला कान, दुखणे आत

कुत्र्याच्या कानाची पाळी म्हणजे दोन्ही बाजूंना कातडी आणि मध्ये कूर्चेचा पातळ थर. या थराच्या अंगाने बारीक रक्तवाहिन्यांचे जाळे असते. कुत्र्याने डोके जोरात झटकले किंवा मागच्या पायाने कान खसाखसा खाजवला, की त्यातली एखादी वाहिनी फुटते आणि रक्त कातडी व कूर्चेच्या मध्ये साठू लागते. ते बहुधा पाळीच्या आतल्या बाजूस साठते. काही तासांतच कान जाड, कोमट आणि लिबलिबीत होतो. पशुवैद्यक याला ‘ऑरल हिमॅटोमा’ म्हणतात. आखाड्यात वर्षानुवर्षे घासून आणि मार खाऊन मुडपलेले पैलवानांचे कानही याच प्रकारे रक्त साकळून तयार होतात.

असा कुत्रा मान कलती ठेवतो, सारखा कान झटकतो आणि त्या बाजूला हात लावू देत नाही. पाळी चिमटीत धरली तर आत पातळ द्रव हलल्याचे जाणवते. सूज आठवडाभर जुनी असेल तर गुठळ्या हाताला लागतात. लॅब्रॅडोर, गोल्डन रिट्रिव्हर, बीगल, कॉकर स्पॅनियल अशा लोंबत्या कानांच्या जातींत हे जास्त दिसते, पण उभ्या कानांचे जर्मन शेफर्ड आणि गावठी कुत्रेही यातून सुटत नाहीत. कान सुजण्याची इतर कारणेही असतात. गांधीलमाशी चावली तर सूज सहसा तोंडावरही पसरते. चाव्यामुळे पू झाला असेल तर पाळी फार ठणकते आणि तापही येऊ शकतो. शंका असल्यास डॉक्टर निर्जंतुक सुईने थोडा द्रव काढून पाहतात. तो रक्ताळ निघाला की निदान पक्के होते.

मात्र फुगलेली पाळी हा परिणाम असतो, मूळ रोग नव्हे. कुत्रा डोके का झटकत होता, हा खरा प्रश्न. त्याच्या कानाची नळी आधी खाली उतरते आणि मग आत वळते, त्यामुळे तिथे ओल आणि मळ अडकून राहतो. त्यात यीस्ट किंवा जिवाणू वाढले की आंबूस वास, तपकिरी मळ आणि खाज सुरू होते. लहान पिलांत कानातल्या सूक्ष्म किड्यांमुळे कॉफीच्या भुकटीसारखा कोरडा काळपट मळ दिसतो. ज्यांचे कान पुन्हा पुन्हा बिघडतात, अशा अनेक कुत्र्यांना अन्नाची किंवा धुळीची अॅलर्जी असते. पायाचे पंजे सतत चाटणे ही तिची आणखी एक खूण.

खान्देशात या कारणांना ऋतूंची जोड मिळते. पावसाळ्यात हवा दमट होते. जळगावचा मेहरूण तलाव असो की धुळ्याचा नकाणे तलाव, पाण्यात उतरलेल्या कुत्र्याचे कान आतून ओलेच राहतात. पाऊस सरला की माळावरचे कुसळी गवत वाळते. त्याचे टोकदार कुसळ कानात शिरले, की उलट्या केसांमुळे ते पुढेच सरकत जाते आणि आपोआप बाहेर येत नाही. लळिंगच्या डोंगराकडे किंवा शेताच्या बांधावर फिरून आलेला कुत्रा अचानक एकाच बाजूला डोके झटकू लागला, तर पहिला संशय कुसळाचा घ्यावा. गोचिडांना तर उष्ण हवा मानवते. कुत्र्यावरची तपकिरी गोचीड भिंतीच्या भेगांत आणि गोठ्याच्या कोपऱ्यांत अंडी घालते, आणि एका मादीची अंडी हजारोंनी असतात. कानाची आतली बाजू आणि पाळीची मुडप या तिच्या आवडत्या जागा.

उपचार केला नाही तरी रक्त हळूहळू जिरते, पण त्याला काही आठवडे लागतात. तोवर आत चिवट तंतू तयार होतात, कूर्चा आकसते आणि कान कायमचा चुरगळतो. केवळ रूप बिघडले असते तर ते चालवून घेता आले असते. पण मुडपलेल्या पाळीने नळीचे तोंड अरुंद होते, आतली हवा कोंडते आणि कान पुन्हा पुन्हा पिकतो.

म्हणून डॉक्टर आधी दोन्ही कान आतून तपासतात. ऑटोस्कोपने नळी आणि पडदा पाहायचा, मळाचा नमुना काचपट्टीवर घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली बघायचा, ही तपासणी टाळू नये. पडदा फाटलेला असताना जेंटामायसिनसारखे थेंब आत गेले तर कुत्रा बहिरा होऊ शकतो. घरात उरलेले जुने थेंब न वापरण्याचे कारण हेच.

सूज ताजी आणि लहान असेल तर सुईने रक्त काढून त्या पोकळीत स्टेरॉइडचे इंजेक्शन देतात, किंवा काही दिवस तोंडाने प्रेडनिसोलोन देतात. याला टाके लागत नाहीत. मात्र नुसते रक्त काढले, तर पोकळी तशीच राहते आणि ती बहुतेक वेळा पुन्हा भरते. दुसरा मार्ग पोकळीत बारीक नळी ठेवण्याचा. यासाठी अनेक डॉक्टर गायी-म्हशींच्या सडात घालण्याची नळी वापरतात. दुभत्या जनावरांच्या भागात ती जनावरांच्या कोणत्याही औषध दुकानात मिळते. ती टाक्याने पाळीला अडकवून ठेवली की रक्त झिरपत राहते आणि दरम्यान कातडी कूर्चेला चिकटते.

सूज मोठी असेल, गुठळ्या झाल्या असतील किंवा कान पुन्हा भरला असेल, तर शस्त्रक्रिया हा खात्रीचा उपाय. कुत्र्याला भूल देऊन पाळीच्या आतल्या बाजूस सरळ किंवा ‘एस’ आकाराचा छेद घेतात, गुठळ्या काढतात आणि पोकळी सलाइनने धुतात. मग पाळीच्या आरपार बरेच टाके घालून कातडी कूर्चेवर दाबून बसवतात. हे टाके कानाच्या लांबीच्या दिशेने घालतात, कारण मोठ्या रक्तवाहिन्या त्याच दिशेने जातात आणि आडव्या टाक्याने त्या आवळल्या जाऊ शकतात. छेद पूर्ण शिवून टाकत नाहीत. द्रव बाहेर पडावा म्हणून थोडी फट मुद्दाम ठेवतात. घरी आल्यावर त्या फटीतून लालसर पाणी झिरपताना दिसले, तर घाबरण्याचे कारण नाही.

शस्त्रक्रियेपूर्वी रक्ताची तपासणी करून घेणे आपल्याकडे विशेष गरजेचे. गोचीडतापात प्लेटलेट कमी होतात. अशा कुत्र्याच्या कानात थोड्या धक्क्यानेही रक्त साकळू शकते आणि शस्त्रक्रियेत रक्तस्राव आवरणे अवघड जाते. वेदना कमी करण्यासाठी माणसांच्या गोळ्या देऊ नयेत. आयबुप्रोफेन आणि डायक्लोफेनॅक कुत्र्याच्या जठराला व मूत्रपिंडाला घातक ठरतात. स्टेरॉइड सुरू असताना कुत्र्यांसाठीचे वेदनाशामकही डॉक्टरांना विचारल्याशिवाय देऊ नये.

नंतरची काळजी अर्धे काम करते. गळ्यात शंकूच्या आकाराची प्लास्टिक कॉलर दिवसरात्र हवी, नाहीतर एका खाजवण्यात टाके निघतात. डोक्याला पट्टी बांधली असेल, तर तिच्याखाली दोन बोटे सहज गेली पाहिजेत. आवळलेल्या पट्टीने श्वास अडतो, आणि मे महिन्यात जळगाव-भुसावळचा पारा ४५ अंशांच्या घरात गेलेला असताना ते फार धोक्याचे. पट्टी ओली झाली तर लगेच बदलावी. पावसाळ्यात उघड्या जखमेवर माशी बसली तर एक-दोन दिवसांत अळ्या पडतात. टाके साधारण २ ते ३ आठवड्यांनी काढतात. तोवर मूळ खाजेवरचे औषध एकही दिवस चुकवू नये.

जळगाव आणि धुळे या दोन्ही शहरांत पशुसंवर्धन विभागाचे जिल्हा पशुवैद्यकीय सर्वचिकित्सालय आहे आणि तालुक्यांत सरकारी दवाखाने आहेत. त्यांचा मोठा भर गुरांवर असला तरी कानाचे काम तिथे किंवा शहरातल्या खाजगी दवाखान्यात होऊ शकते. संसर्ग मधल्या कानापर्यंत गेला असेल, तर मुंबईच्या परळमधील १८८६ साली सुरू झालेल्या पशुवैद्यकीय महाविद्यालयासारख्या मोठ्या ठिकाणचा सल्ला घ्यावा.

घरी सुई टोचून रक्त काढणे, कानात गरम तेल ओतणे, हळद-चुन्याचा लेप लावणे या तिन्ही गोष्टी टाळाव्यात. सुईने पू होतो, तेलाने आतली कातडी पोळते आणि लेपाने खाज वाढते. त्यापेक्षा आठवड्यातून एकदा कान उघडून पाहावा, वास घ्यावा, पोहल्यावर तो कोरडा करावा, पावसाळ्यानंतर कुसळे वेचावीत आणि गोचिडांचे औषध डॉक्टरांच्या सल्ल्याने वर्षभर चालू ठेवावे. डोके झटकणे सुरू झाले त्याच दिवशी दवाखाना गाठला, तर बहुतेक वेळा कान फुगण्याची पाळीच येत नाही.