काष्ठाचा वर, काष्ठाची वधू : दैवतकथांची तुलना कशी करावी?

ग्रीक दैवतकथांवरील पुस्तके बहुधा वंशावळीने सुरू होतात. झ्यूस कोणाचा पुत्र, हेरा त्याची कोण, अपोलोची माता कोणती, हे सारे पाठ करावे आणि परीक्षेनंतर विसरून जावे, असाच त्यांचा परिणाम होतो. या घटकात आपण निराळी वाट धरणार आहोत. सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेपासून निघून ग्रीसमधील सिथेरॉन पर्वतापर्यंत जायचे आहे. दोन्ही ठिकाणी एक विवाह आहे, आणि दोन्ही विवाहांत एक पक्ष लाकडाचा आहे.

त्याआधी संज्ञेविषयी थोडेसे. ग्रीक 'मुथॉस' या शब्दाचा होमरच्या भाषेतील अर्थ 'बोललेले, सांगितलेले' एवढाच आहे. त्यातील खरेखोटेपणाचा प्रश्न नंतरचा. मराठी समीक्षेत या अर्थी पुराकथा, दैवतकथा, मिथक, मिथ्यकथा असे अनेक शब्द वापरले गेले. त्यांपैकी 'मिथ्यकथा' हा शब्द वाचकाला आरंभीच 'मिथ्या'कडे ढकलतो. म्हणून तो टाळावा, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. येथे आपण 'दैवतकथा' हाच शब्द वापरू.

सोन्नलगीचा सिद्धराम

सिद्धराम हे बाराव्या शतकातील शिवशरण; बसवण्णा आणि अल्लमप्रभू यांचे समकालीन. त्यांची कन्नड वचने 'कपिलसिद्ध मल्लिकार्जुन' या मुद्रिकेने ओळखली जातात आणि राघवांक या कन्नड कवीने त्यांचे चरित्र काव्यातून गायिले आहे. सोलापूरचे प्राचीन नाव सोन्नलगी. 'सोळा गावांचे सोलापूर' ही सर्वत्र सांगितली जाणारी व्युत्पत्ती ध्वनिसाम्यावरून मागाहून रचलेली, म्हणजे लोकव्युत्पत्ती होय. पण लोकव्युत्पत्तीला हसू नये. नावाला कथा हवी असते, आणि ती नसेल तर समाज ती घडवतो. ग्रीकांनीही हेच केले. 'अफ्रोस' म्हणजे फेस, म्हणून अफ्रोडायटी समुद्राच्या फेसातून जन्मली, असे हेसिअड सांगतो.

सिद्धरामांविषयीची सर्वांत प्रसिद्ध लोककथा कुंभारकन्येची आहे. ही कन्या त्यांच्या पर्णकुटीपुढे रोज सडासंमार्जन करी, रांगोळी घाली. तिने त्यांच्याशी विवाहाची इच्छा व्यक्त केली. सिद्धराम योगी, त्यांनी नकार दिला, परंतु आपल्या योगदंडाशी विवाह करण्याची अनुमती दिली. विवाह झाला आणि दुसऱ्या दिवशी ती कन्या अग्नीत प्रविष्ट झाली.

यात्रेचा क्रम या कथेशी पदोपदी जुळतो. योगदंडाचे प्रतीक असलेले सात नंदीध्वज, म्हणजे उंचच उंच काठ्या, बाराबंदी घातलेले भक्त कमरेच्या आधाराने तोलून नेतात. पहिल्या दिवशी शहरातील अडुसष्ट लिंगांना तैलाभिषेक होतो. भोगीच्या दिवशी संमती कट्ट्यावर अक्षता सोहळा होतो आणि लाखो हातांतून अक्षता पडतात. संक्रांतीच्या रात्री होम मैदानावर होम पेटतो. त्यात पेंढीची प्रतीकात्मक कुंभारकन्या वस्त्रालंकारांसह अर्पण केली जाते. मग शोभेचे दारूकाम आणि शेवटी कप्पडकळी.

सिथेरॉनवरील विवाह

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात पॉसेनिअस नावाचा लेखक ग्रीसभर हिंडला आणि प्रत्येक गावातील मंदिरे, उत्सव व कथा त्याने नोंदवून ठेवल्या. (आपल्या क्षेत्रमाहात्म्यांच्या अभ्यासकाला हा लेखक जवळचा वाटावा.) प्लॅटीआ या गावाविषयी त्याने सांगितलेली कथा अशी : हेरा झ्यूसवर रुसली आणि युबिया बेटावर निघून गेली. समजूत निघेना. तेव्हा सिथेरॉन नावाच्या चतुर राजाने झ्यूसला युक्ती सांगितली. झ्यूसने एक लाकडी बाहुली घडवली, तिला वस्त्रात गुंडाळून बैलगाडीत बसवले आणि असोपसची कन्या प्लॅटीआ हिच्याशी आपला विवाह होत असल्याची आवई उठवली. हेरा धावत आली, तिने वधूचे वस्त्र ओढले, आत लाकूड पाहिले आणि ती हसली. रुसवा संपला.

या समेटाच्या स्मरणार्थ 'डायडाला' हा उत्सव होई. मोठा डायडाला सुमारे साठ वर्षांनी येई. ओकच्या लाकडाच्या चौदा मूर्ती गाड्यांवरून सिथेरॉनच्या माथ्यावर नेत आणि तेथे रचलेल्या लाकडी वेदीसह त्यांचे दहन करीत. प्लुटार्कच्या कथनात तर मूर्ती निर्जीव असूनही हेराला तिचा मत्सर वाटतो आणि ती मूर्ती जाळायला लावते.

आता मोह आवरावा लागतो. काष्ठ, विवाह, मिरवणूक, दहन एवढे जुळल्यावर 'हे तिकडून आले' किंवा 'ते इकडून गेले' असे म्हणावेसे वाटते. भाषाविज्ञान येथे आपल्याला शिस्त लावते. दोन भाषांतील साम्य वारशाने येते, संपर्काने येते किंवा स्वतंत्रपणे उद्भवते. झ्यूस आणि वैदिक द्यौस् ही नावे वारशाने सगोत्र आहेत. ध्वनिनियमांनी ते सिद्ध होते. तरीही त्यांच्या कथा जुळत नाहीत. वेदातील द्यौस् हा फिकट, जवळजवळ कथाहीन देव आहे, तर झ्यूसच्या कथांना अंत नाही.

संपर्काचे उदाहरण यात्रेतच आहे. पहिल्या दिवसाच्या विधीला 'यण्णीमज्जन' म्हणतात. कन्नडमध्ये 'एण्णे' म्हणजे तेल आणि 'मज्जन' म्हणजे स्नान. 'कप्पड' म्हणजे वस्त्र, 'कळे' म्हणजे काढणे. म्हणून कप्पडकळी म्हणजे नंदीध्वजांचे वस्त्रविसर्जन. पूजेचे मानकरी हिरेहब्बू. त्यातील 'हिरे' म्हणजे थोरले. घरी मराठी बोलणारा सोलापूरकर हे शब्द अर्थ न विचारता, पण अचूक जागी वापरतो. हे दैवत मराठीचे की कन्नडचे असा वाद घालणाऱ्यांनी आधी ही शब्दसंपत्ती तपासावी. भाषिक राज्यांची सीमा 1956 साली आखली गेली. यात्रेचे शब्द तिच्याआधीचे आहेत.

सोलापूर आणि प्लॅटीआ यांचे साम्य यांपैकी कोणत्याच वर्गात बसत नाही. ना नावांचे नाते, ना संपर्काचा पुरावा. ते स्वतंत्र साम्य मानावे लागते, आणि अशा वेळी साम्यापेक्षा भेद अधिक बोलका ठरतो. प्लॅटीआत लाकूड वधूच्या जागी आहे आणि ते फसवणुकीचे साधन आहे; सोलापुरात लाकूड वराच्या जागी आहे आणि ते व्रताचे रक्षण करते. तेथे देवाचा संसार सावरतो, येथे योगी संसाराबाहेरच राहतो. रुसलेल्या हेराची खरी सखी शोधायची तर ती सोलापूर शहरात नव्हे, जिल्ह्यातील पंढरपुरात सापडते : रुसून दिंडीरवनात आलेली रखुमाई. तिची समजूत मात्र लाकडी सवतीने निघाली नाही.

राहतो तो अग्नी. सिथेरॉनवर वधूच्या रूपात जळते ते लाकूडच; कथेत कोणीही मरत नाही. सोलापूरच्या कथेत कन्या जळते, आणि विधीत तिच्या जागी पेंढी येते. अभ्यासकाने येथे डोळे मिटून पुढे जाऊ नये. भाविकाला त्या अग्निप्रवेशात परमभक्ती दिसते. आजची वाचक विचारील, की वराला काठी प्रतिनिधी म्हणून चालली, तर वधूला कथेत प्रतिनिधी का मिळाला नाही? शिवाय वराच्या नावाने मंदिर, तलाव, यात्रा सारे ओळखले जाते. वधूची ओळख मात्र बापाच्या व्यवसायावरून होते. हा प्रश्न श्रद्धेचा अवमान करीत नाही. विधीने पेंढी वापरून त्याला आपल्या परीने उत्तरही दिले आहे.

जेन हॅरिसन यांच्यासारख्या अभ्यासकांनी विसाव्या शतकाच्या आरंभी मांडले, की विधी आधी असतो आणि त्याचे स्पष्टीकरण म्हणून कथा जन्मते. हे मत सरसकट लागू करू नये. सिद्धराम ऐतिहासिक व्यक्ती आहेत. त्यांची समाधी मंदिराच्या आवारात आहे. ग्रीक परिभाषेत ते देवापेक्षा 'हिरोस'च्या, म्हणजे समाधिस्थळी पूजिल्या जाणाऱ्या वीराच्या, अधिक जवळचे ठरतील. अशा ठिकाणी इतिहास, कथा आणि विधी एकमेकांत विणले जातात, आणि सोलापूरकरांना विणकाम म्हणजे काय हे सांगायला नको.

उपक्रम : आपल्या परिसरातील एखाद्या यात्रेमागील कथा तीन व्यक्तींकडून ऐका. त्यांत एक मानकरी असावा, एक वृद्ध स्त्री असावी आणि एक शाळकरी मूल असावे. तिघांचे शब्द जसेच्या तसे उतरवून घ्या. शुद्धलेखन सुधारू नका. कोणता प्रसंग कोणी गाळला, याची नोंद वहीच्या समासात करा.