नटीच्या हातीं घराच्या किल्ल्या



लॉस एंजेलिस शहरांत माउंट ली नांवाच्या टेकडीवर 'हॉलिवूड' हीं प्रचंड पांढरीं अक्षरें उभीं आहेत. चित्रपटसृष्टीची खूण म्हणून आपणां सर्वांस तीं चित्रांतून तरी परिचित असतील. परंतु १९२३ सालीं तीं प्रथम उभारण्यांत आलीं त्या वेळीं त्यांचा चित्रपटाशीं कांहींएक संबंध नव्हता. तेव्हां तेथें इंग्रजी तेरा अक्षरांचा 'हॉलिवूडलँड' हा शब्द होता, आणि तो टेकडीच्या उतारावर पाडलेल्या घरांच्या जागा विकण्यासाठीं लावलेला जाहिरातीचा फलक होता. पुढें १९४९ सालीं दुरुस्तीच्या प्रसंगीं शेवटचीं चार अक्षरें काढून टाकलीं, आणि जमीन विकणारांचा फलक नटनट्यांचें निशाण होऊन बसला.

ही हकीकत आरंभीं सांगण्याचें कारण असें कीं, आज मी ज्या बाईंविषयीं बोलणार आहें त्यांनीं हाच प्रवास उलट दिशेनें केला. क्रिशेल स्टाउस या अमेरिकेंतील दूरचित्रवाणीवरील नटी. कित्येक वर्षें मालिकांतून कामें केल्यावर त्या इस्टेट एजंट झाल्या. आपल्या जुन्या भाषेंत सांगावयाचें तर घरांची दलाली करूं लागल्या. 'दलाल' या शब्दाला आपल्या सुशिक्षित घरांतून फारसा मान नाहीं. 'नटी होती, अखेर दलालीवर आली' असें कोणी म्हटलें तर ऐकणारा हळहळून मान हलवील. ही हळहळ कितपत योग्य आहे हें ठरविण्यापूर्वीं हे दोन्ही धंदे आंतून कसे चालतात तें समजून घेतलें पाहिजे.

स्टाउसबाईंचा जन्म २१ जुलै १९८१ रोजीं केंटकी संस्थानांतील ड्रॅफेनव्हिल या लहानशा गांवीं झाला. त्यांच्या नांवाची कथा त्या स्वतः सांगतात ती मोठी गमतीची आहे. आईस कळा सुरू झाल्या त्या शेल कंपनीच्या पेट्रोल पंपावर, आणि मदतीस धांवला तो तेथील क्रिस नांवाचा नोकर. दोहोंची आठवण म्हणून मुलीचें नांव 'क्रिशेल' ठेवलें. गमतीचा भाग येथेंच संपतो. घरची स्थिति इतकी हलाखीची होती कीं, त्यांच्या बालपणीं या कुटुंबास कांहीं काळ डोक्यावर छप्परहि नव्हतें. ही गोष्ट त्यांनीं पुढें लपविली नाहीं. २०२२ सालीं त्यांचें आत्मकथन प्रसिद्ध झालें, त्यास त्यांनीं 'अंडर कन्स्ट्रक्शन', म्हणजे 'बांधकाम चालू आहे', असें नांव दिलें. मरे स्टेट विद्यापीठांतून २००३ सालीं त्यांनीं नाट्यकलेची पदवी घेतली, आणि दोनच वर्षांनीं, २००५ सालीं, 'ऑल माय चिल्ड्रन' या मालिकेंत अमांडा डिलन ही भूमिका त्यांस मिळाली.

या जातीच्या मालिकांस अमेरिकेंत 'सोप ऑपेरा', म्हणजे साबणाचें नाटक, असें थट्टेचें नांव आहे. त्यांचा जन्म आमच्या या रेडिओवरच झाला, हें श्रोत्यांस ऐकून कौतुक वाटेल. दुपारीं घरकामांत असलेल्या गृहिणींनीं ऐकावें म्हणून साबणाचे कारखानदार आपल्या खर्चानें या अखंड कौटुंबिक कथा ध्वनिक्षेपित करवीत. 'द गायडिंग लाइट' ही कथा १९३७ सालीं रेडिओवर सुरू झाली, १९५२ सालीं दूरचित्रवाणीवर गेली, आणि २००९ पर्यंत चालली. 'ऑल माय चिल्ड्रन' ही तिची धाकटी बहीण. ५ जानेवारी १९७० रोजीं तिचा आरंभ झाला. आठवड्यांतून पांच दिवस नवा भाग द्यावयाचा, म्हणजे तालमीस सवड अशी नाहींच. आज हातीं आलेलीं अनेक पृष्ठें उद्यां मुखोद्गत पाहिजेत. बाहेरून पाहणारास ही नोकरी सरकारी चाकरीसारखी कायमची वाटते. वस्तुतः करारांतील खोंच निराळीच असते. करार दोन-चार वर्षांचा असला तरी दर तेरा किंवा सव्वीस आठवड्यांनीं नटास मोकळें करण्याचा अधिकार निर्मात्याकडे राहतो. नटास मात्र मुदत संपेपर्यंत सोडून जातां येत नाहीं. आपल्या जुन्या नाटकमंडळ्यांचीं बिऱ्हाडें ज्यांनीं पाहिलीं किंवा वडील माणसांकडून ऐकलीं असतील, त्यांस यांत नवल वाटूं नये.

पुढें या मालिकांवरच गदा आली. दुपारीं घरीं असणाऱ्या स्त्रिया नोकरीस बाहेर पडल्या, वाहिन्या वाढल्या, आणि नटसंच व नेपथ्य बाळगण्यापेक्षां चार माणसें बसवून गप्पा करविणें स्वस्त पडूं लागलें. २३ सप्टेंबर २०११ रोजीं एकेचाळीस वर्षें चाललेली 'ऑल माय चिल्ड्रन' एबीसी वाहिनीवरून गेली, आणि तिच्या जागीं खाद्यपदार्थांविषयींच्या गप्पांचा एक कार्यक्रम आला. स्टाउसबाईंस २०१३ सालीं 'डेज ऑफ अवर लाइव्ह्ज' मध्यें जॉर्डन रिजवे ही भूमिका मिळाली, ती दोन वर्षें चालली. नंतर २०१६ सालीं 'द यंग अँड द रेस्टलेस' मध्यें एक त्याहूनहि लहान काम. मधल्या काळांत काय? अमेरिकेंतील नटांच्या संघाचा औषधोपचाराचा विमा मिळण्यासाठीं वर्षाकाठीं ठराविक कमाई व्हावी लागते. २०२३ सालीं हा आंकडा २६ हजार डॉलरांच्या कांहींसा वर होता, आणि त्याच वर्षीं ११८ दिवस चाललेल्या संपांत हें पुढें आलें कीं, संघाचे बहुसंख्य सभासद तेवढेंहि मिळवीत नाहींत. यास्तव त्या शहरांत नटनट्या उपाहारगृहांत ताटें वाढतात, मोटारी हांकतात, शिकवण्या करतात. यांपैकीं ज्यांस बोलतां येतें आणि थोडा धीर धरतां येतो ते घरांच्या धंद्याकडे वळतात. कारण त्यांत वेळ आपल्या हातीं असतो आणि एखाद्या भूमिकेच्या चांचणीसाठीं दुपार मोकळी ठेवतां येते. वाट नवी नाहीं. 'लीव्ह इट टु बीव्हर' या मालिकेंत १९५७ ते १९६३ पर्यंत बीव्हर झालेला बालनट जेरी मॅदर्स हा पुढें विद्यापीठांत तत्त्वज्ञान शिकला, बँकेंत कर्जाच्या खात्यावर राहिला, आणि सांठविलेल्या पैशावर घरजमिनीच्याच व्यवसायांत शिरला.

आतां हा परवाना कसा मिळतो तें सांगतों. कॅलिफोर्निया संस्थानांत उमेदवाराचें वय अठरा पूर्ण पाहिजे. प्रत्येकीं ४५ तासांचे असे तीन पाठ्यक्रम, म्हणजे एकूण १३५ तास, शिकावे लागतात. मग सरकारी परीक्षा. तींत १५० प्रश्न असतात आणि शेंकडा ७० उत्तरें बरोबर आलीं तरच उमेदवार उत्तीर्ण. आयुष्यभर पस्तीस गुणांवर मुलें पुढच्या वर्गांत ढकललेल्या मजसारख्या मास्तरास हा आंकडा वाचून थोडें ओशाळल्यासारखें झालें. बोटांचे ठसे देऊन पूर्वचारित्र्याची तपासणी होते ती निराळीच. आपल्याकडेहि २०१६ च्या कायद्यानें एजंटांची नोंदणी सुरू झाली, आणि महाराष्ट्रांत २०२३ पासून प्रशिक्षण व परीक्षा सक्तीची केली आहे. तेव्हां हा प्रकार आपणांस अगदींच परका राहिलेला नाहीं.

परवाना मिळाला म्हणजे पैसा मिळाला असें मात्र नाहीं. नव्या एजंटास स्वतंत्रपणें दलाली घेतां येत नाहीं. त्यानें एखाद्या मोठ्या परवान्याच्या दलालाच्या, ज्यास तेथें ब्रोकर म्हणतात त्याच्या, पेढीखालींच काम केलें पाहिजे. समजा, वीस लक्ष डॉलरांचें घर विकलें गेलें आणि एकंदर दलाली शेंकडा पांच ठरली. एक लक्ष झाले. त्यांतील निम्मे विकणाराच्या बाजूस, निम्मे घेणाराच्या. आपल्या एजंटाच्या बाजूस आलेले पन्नास हजार प्रथम पेढीकडे जातात, आणि करारांतील वांटणीप्रमाणें, समजा अर्धे, एजंटाच्या हातीं पडतात. आंकडा ऐकून डोळे दिपतात. पण सौदा फिसकटला तर या खटपटीचा मोबदला शून्य. गिऱ्हाइकाचा इसार तिऱ्हाइताकडे ठेवलेला असतो. घराची तपासणी, कर्जाची मंजुरी, मालकीची छाननी हें सर्व यथास्थित पार पडून दस्त झाल्याखेरीज कोणासहि छदाम मिळत नाहीं. तोंवर मोटारीचें पेट्रोल, छायाचित्रें, जाहिरात हा खर्च बहुधा एजंटाचा.

नटीला या धंद्यांत आपली जुनी विद्या उपयोगी पडते काय? पडते, आणि एका जागीं ती आडवीहि येते. रिकामें घर विकत नाहीं म्हणून तेथें भाड्यानें सामान आणून तें सजवितात: गाद्या, चित्रें, फुलें, मेजावर मांडलेल्या बशा, ज्यांत कोणी कधीं जेवणार नाहीं. या सजावटीस ते लोक 'स्टेजिंग' म्हणतात. शब्द रंगभूमीचाच आहे. मग ठरल्या दिवशीं घर सर्वांस खुलें ठेवावयाचें आणि येणाऱ्याचें हंसतमुखानें स्वागत करावयाचें. येथवर नाटक. परंतु त्याच घराविषयीं कॅलिफोर्नियाचा कायदा काय सांगतो पहा. छप्पर गळतें, पाया खचला आहे, शेजाऱ्याशीं हद्दीचा तंटा आहे, हें मालकानें लेखी कळविलें पाहिजे. आणि एजंटानेंहि घर स्वतःच्या डोळ्यांनीं काळजीपूर्वक पाहून आढळलेले दोष लिहून दिले पाहिजेत. गेल्या तीन वर्षांत त्या घरांत कोणाचें निधन झालें असेल तर तेंहि सांगावें लागतें! मालिकेंत अमांडा डिलन खोटें बोलली तर कथा रंगे आणि प्रेक्षक वाढत. गळक्या छपराविषयीं क्रिशेल स्टाउस खोटें बोलल्या तर परवाना जाण्याची भीति. मला वाटतें, हळहळणाऱ्यांच्या ध्यानांत येत नाहीं तें हेंच. या धंद्यांत शब्द मोजून द्यावा लागतो.

स्टाउसबाई पुढें ओपनहाइम ग्रुप या पेढीत आल्या. जेसन आणि ब्रेट या जुळ्या भावांची ही पेढी. जेसन हे वकिली सोडून या व्यवसायांत आलेले. आपली परंपरा १८८९ सालीं जेकब स्टर्न यांनीं काढलेल्या जमिनीच्या व्यवसायापासून चालत आली आहे, असें ही पेढी सांगते. हे स्टर्न म्हणजे कोण? हॉलिवूडमध्यें त्यांच्या मालकीची एक गोदामवजा कोठी होती. ती १९१३ च्या अखेरीस सेसिल डिमिल यांच्या मंडळीनें भाड्यानें घेतली, आणि तेथें तळ देऊन 'द स्क्वॉ मॅन' हा चित्रपट तयार केला. तो १९१४ सालीं प्रसिद्ध झाला. हॉलिवूडमध्यें तयार झालेला पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट म्हणून त्याचा उल्लेख करतात. ती कोठी जपून ठेवली आहे आणि तींत आतां संग्रहालय आहे. म्हणजे त्या गांवांत नट प्रथम आला तो जमीनवाल्याचा भाडेकरू म्हणून.

याच पेढीच्या कामकाजावर 'सेलिंग सनसेट' नांवाचा कार्यक्रम मार्च २०१९ मध्यें नेटफ्लिक्सवर सुरू झाला, आणि मालिकांत मिळाली नव्हती एवढी कीर्ति स्टाउसबाईंस त्यानें दिली. आपल्याकडील अनेक घरांतूनहि तो पाहिला जातो. माझ्या नातीमुळें मीहि त्याचे कांहीं भाग पाहिले. घरें मनोहर आहेत, भांडणें कंटाळवाणीं आहेत. बाईंचा घटस्फोट व इतर खाजगी गोष्टींचा त्यांत जो बाजार मांडला आहे त्यांत शिरण्याचें आपणांस कारण नाहीं. पण एक आक्षेप विचारांत घेण्याजोगा आहे. प्रेक्षक म्हणूं लागले कीं, ही सारीं सोंगें आहेत. या बायका खऱ्या एजंट नव्हेतच. नटीवर तर हा संशय प्रथम यावयाचा. यावर तेथील उत्तर सोपें आहे. परवानाधारकांची यादी सरकारी खात्यानें सर्वांस पाहण्यासाठीं खुली ठेवली आहे. नांव घातलें कीं परवाना आहे कीं नाहीं, कोणत्या पेढीकडे आहे, शिस्तभंगाची कांहीं कारवाई झाली आहे काय, तें दिसतें. २०२० सालीं 'डेज ऑफ अवर लाइव्ह्ज' मधील पाहुण्या भूमिकेसाठीं दिवसाच्या मालिकांच्या एमी पारितोषिकाकरितां स्टाउसबाईंचें नांव पुढें आलें होतें. म्हणजे परवाना हातीं असतां अभिनय सुटला नव्हता. परंतु आतां तो पोटासाठीं करावा लागत नव्हता.

त्यानंतर त्या धंद्यालाहि वाईट दिवस दिसले. लॉस एंजेलिस शहरानें १ एप्रिल २०२३ पासून पन्नास लक्ष डॉलरांवरील विक्रीवर शेंकडा चार आणि एक कोटीवरील विक्रीवर शेंकडा साडेपांच असा कर बसविला. उद्देश गोरगरिबांच्या घरांसाठीं पैसा उभारण्याचा होता; ज्यांस घर नाहीं अशांचा प्रश्न त्या शहरांत फार बिकट आहे. परिणाम असा झाला कीं, मोठ्या घरांचे सौदे मंदावले. पाठोपाठ १७ ऑगस्ट २०२४ पासून देशभर नवा नियम आला: घेणाराच्या एजंटास काय द्यावयाचें तें दलालांच्या सामाईक यादींत छापणें बंद झालें, आणि घर दाखविण्यास नेण्यापूर्वीं गिऱ्हाइकाशीं दलालीचा लेखी करार करणें आवश्यक झालें. घराच्या दारांतच 'माझे पैसे किती' हें बोलणें सुरुवातीस पुष्कळांस जड गेलें. परवाना दर चार वर्षांनीं नवा करावा लागतो, आणि त्यापूर्वीं पुन्हां ४५ तासांचें शिक्षण घ्यावें लागतें. नटी असली तरी त्यांत सूट नाहीं.