मराठी लोकप्रिय संगीताचा व्यवसाय : विस्तार, अर्थकारण आणि कलावंताचा वाटा

बीजसंज्ञा : लोकप्रिय संगीत, ध्वनिमुद्रण, कॅसेट, स्वामित्वहक्क, कलावंताचा हक्क, आदिवासी संगीत.

प्रस्तावना

मराठी संगीताविषयी विपुल लेखन झाले आहे. नाट्यसंगीत, भावगीत, लावणी, शाहिरी आणि भक्तिगीत या प्रकारांची आस्वादक चिकित्सा झाली, गायक-संगीतकारांची चरित्रे लिहिली गेली. त्या मानाने गाणे ध्वनिमुद्रित कोण करतो, विकतो कोण आणि त्यातून मिळालेला पैसा कोणाच्या हाती पडतो, या प्रश्नांकडे कमी लक्ष गेले. वास्तविक गेल्या शंभराहून अधिक वर्षांत या व्यवसायाचा विस्तार सातत्याने झालेला आहे. एकेकाळी एका कंपनीच्या हाती असलेले ध्वनिमुद्रण आज पेठ तालुक्यातील पाड्यावरच्या तरुणाच्या भ्रमणध्वनीवर येऊन पोहोचले आहे. हा विस्तार गाणाऱ्याच्या व वाजविणाऱ्याच्या मिळकतीत कितपत उतरला, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

लेखाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत :
१. मराठी लोकप्रिय संगीताच्या व्यवसायातील प्रमुख टप्पे स्पष्ट करणे.
२. प्रत्येक टप्प्यातील खर्च व उत्पन्नाची रचना समजून घेणे.
३. स्वामित्वहक्क कायद्यातील कलावंतविषयक तरतुदींचा परिचय करून देणे.
४. पेठ परिसरातील आदिवासी संगीताच्या संदर्भात या तरतुदींचे महत्त्व मांडणे.

तबकडीचा काळ : थोडे उत्पादक, थोडे कलावंत

भारतात व्यापारी ध्वनिमुद्रणास १९०२ मध्ये कोलकात्यात प्रारंभ झाला. गौहर जान यांच्या ध्वनिमुद्रिका याच काळातील होत. १९०८ मध्ये कोलकात्यातच तबकड्यांचा कारखाना निघाला आणि ग्रामोफोन कंपनीचे, म्हणजेच पुढे 'एचएमव्ही' या नावाने घरोघरी पोहोचलेल्या मुद्रेचे, बाजारपेठेवर दीर्घकाळ वर्चस्व राहिले. मराठीत प्रथम नाट्यपदांना व नंतर भावगीतांना या माध्यमाने श्रोता मिळवून दिला. भावगीताचे आद्य गायक म्हणून ओळखले जाणारे गजानन वाटवे आणि जी. एन. जोशी यांचा काळ हा तबकडीचाच काळ होय. जोशी पुढे याच कंपनीत ध्वनिमुद्रणाचे काम पाहत होते.

या टप्प्याचे अर्थकारण समजण्यासाठी एक गोष्ट ध्यानात घ्यावी लागते. कारखाना, यंत्रे व वितरण यांवरील स्थिर खर्च मोठा होता. त्यामुळे नवा उत्पादक सहजासहजी या क्षेत्रात येऊ शकत नव्हता. कंपनी मोजक्या कलावंतांची निवड करी आणि अटीही तीच ठरवी. तबकडीच्या एका बाजूवर साधारण तीन-साडेतीन मिनिटांचे गाणे मावत असे, म्हणून गाण्याची लांबीदेखील माध्यमानेच ठरविली. गावोगावी रात्रभर चालणारे जागरण, गोंधळ, भारूड किंवा कलगी-तुऱ्याचा सामना या चौकटीत बसणे कठीण होते.

आकाशवाणीने या चित्रात काही बदल केला. ग. दि. माडगूळकर व सुधीर फडके यांचे 'गीतरामायण' पुणे केंद्रावरून १९५५-५६ मध्ये ५६ गीतांच्या रूपाने प्रसारित झाले, तेव्हा तबकडी विकत घेऊ न शकणाऱ्या श्रोत्यापर्यंतही गाणे पोहोचले. मात्र आकाशवाणी ही सार्वजनिक सेवा होती. तिने श्रोतृवर्ग वाढविला, तरी ध्वनिमुद्रणाच्या बाजारातील मक्तेदारी तिच्यामुळे संपली नाही.

कॅसेटचा काळ : अनेक उत्पादक, एकरकमी मानधन

फिलिप्स कंपनीने १९६३ मध्ये आणलेली कॅसेट भारतात १९८० च्या दशकात सर्वत्र पसरली. अभ्यासक पीटर मॅन्युएल यांच्या १९९३ मधील ग्रंथानुसार १९८० च्या दशकाच्या मध्यापर्यंत ध्वनिमुद्रित संगीताच्या बाजारपेठेत कॅसेटचा हिस्सा सुमारे ९५ टक्के झाला होता. कॅसेटची प्रत काढण्यास मोठा कारखाना लागत नव्हता. परिणामी छोट्या भांडवलावर उभ्या राहिलेल्या कंपन्या पुढे आल्या. गुलशन कुमार यांनी १९८३ मध्ये स्थापन केलेली टी-सिरीज हे याचे सर्वांत ठळक उदाहरण होय. जुनी लोकप्रिय गाणी नव्या गायकांकडून गाऊन घेऊन स्वस्तात विकण्याची पद्धत याच काळात रूढ झाली. स्वामित्वहक्क कायद्यातील तत्कालीन कलम ५२(१)(जे) चा त्यासाठी आधार घेतला गेला.

मराठीत या स्वस्ताईचा लाभ तबकडीने दूर ठेवलेल्या प्रकारांना झाला. भीमगीते, कोळीगीते, लोकगीते, देवीची गाणी, विठ्ठलाची भक्तिगीते आणि ठसकेबाज विनोदी गाणी यांना स्वतंत्र बाजारपेठ मिळाली. प्रल्हाद शिंदे (१९३३-२००४) यांचा आवाज खेड्यापाड्यांतील मंदिरांच्या ध्वनिक्षेपकापर्यंत पोहोचला, तर त्यांचे पुत्र आनंद व मिलिंद शिंदे यांनी लोकप्रियतेची नवी पातळी गाठली. शाहीर विठ्ठल उमप यांचेही नाव या संदर्भात घ्यावे लागते. ही बाजारपेठ सण-उत्सवांच्या दिनदर्शिकेला बांधलेली होती. आषाढीची पंढरपूर वारी, गणेशोत्सव, नवरात्र, १४ एप्रिलची जयंती, ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर लोटणारा जनसमुदाय, हे विक्रीचे हंगाम होते. नाशिक जिल्ह्यापुरते पाहिल्यास सप्तशृंगगडावरील चैत्रोत्सव व नवरात्र आणि त्र्यंबकेश्वरची निवृत्तिनाथांची यात्रा ही अशा विक्रीची ठिकाणे होत.

या टप्प्यातील मूळ प्रश्न नाशिक जिल्ह्याचेच सुपुत्र वामनदादा कर्डक (१९२२-२००४) यांच्या उदाहरणावरून स्पष्ट होतो. सिन्नर तालुक्यातील देशवंडी येथे जन्मलेल्या या लोककवीने आयुष्यभर गावोगाव हिंडून आंबेडकरी विचारांची गीते रचली व गायिली. ती गीते असंख्य गायकांच्या मुखी गेली. चळवळीच्या दृष्टीने हे गीतांचे यश होय. तथापि, तेच गीत जेव्हा विक्रीची वस्तू बनते, तेव्हा त्याचा रचनाकार कोण, त्याची संमती घेतली काय आणि त्याचा वाटा किती, हे प्रश्न उभे राहतात. मौखिक परंपरेत गीत सर्वांचे असते, बाजारात मात्र त्याला कोणीतरी एक मालक असावाच लागतो. कागदोपत्री नोंद नसेल तर ते मालकपद ध्वनिमुद्रण करणाऱ्याकडे जाते.

कॅसेट व्यवसायात कलावंताला बहुधा एकदाच ठरावीक रक्कम दिली जाई. शंभर प्रती विकल्या गेल्या काय किंवा लाखभर विकल्या गेल्या काय, त्याच्या मिळकतीत फरक पडत नसे. शिवाय ज्या स्वस्त तंत्राने छोटा उत्पादक उभा राहिला, त्याच तंत्राने बनावट प्रतीही निघू लागल्या. प्रती नेमक्या किती विकल्या हे उत्पादकालाही सांगता येत नसल्याने विक्रीवर आधारित मानधनाची मागणी करण्यास कलावंताजवळ पुरावाच नव्हता. त्यामुळे त्याची खरी मिळकत कार्यक्रमांतून होई. कॅसेट ही त्या कार्यक्रमांची जाहिरात ठरली.

अंकीय काळ : प्रत फुकट, लक्ष महाग

सीडी, कॉलर ट्यून आणि त्यानंतर आंतरजालावरील दृक्श्राव्य मंच असा पुढील प्रवास आहे. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू झाल्यावर ग्रामीण भागात डेटाचा वापर झपाट्याने वाढला. त्याच वर्षी प्रदर्शित झालेल्या 'सैराट' या चित्रपटातील अजय-अतुल यांच्या संगीताने मराठी गाण्याची बाजारपेठ भाषेच्या सीमेपलीकडे जाऊ शकते हे दाखविले. दुसऱ्या टोकाला अहिराणी, आगरी-कोळी आणि आदिवासी बोलींतील गाणी कोणत्याही कंपनीच्या मध्यस्थीशिवाय थेट श्रोत्यापर्यंत जाऊ लागली.

या टप्प्यात प्रत काढण्याचा खर्च जवळजवळ शून्य झाला, दुर्मीळ झाले ते श्रोत्याचे लक्ष. यूट्यूबच्या २०१८ पासूनच्या नियमानुसार जाहिरातींच्या उत्पन्नात वाटा मिळण्यासाठी वाहिनीला किमान १,००० सदस्य आणि बारा महिन्यांत ४,००० तासांचे प्रेक्षण आवश्यक ठरले. लांबीच्या चित्रफितींवरील जाहिरात-उत्पन्नाचा ५५ टक्के हिस्सा वाहिनीधारकास मिळतो. येथे 'वाहिनीधारक' हा शब्द महत्त्वाचा आहे. समजा, पाच जणांच्या पथकाने एकूण ५,००० रुपये घेऊन एक गीत ध्वनिमुद्रित करून दिले. प्रत्येकाच्या वाट्याला १,००० रुपये आले. पुढे त्या गीतापासून वाहिनीधारकास ५०,००० रुपये मिळाले, तरी लेखी करार नसल्यास पथकाच्या हिशेबात एक रुपयाचीही भर पडत नाही. कॅसेटच्या काळात विक्रीचा आकडा गुप्त राहत असे. आता प्रेक्षकसंख्या सर्वांना दिसते, परंतु वाटणीचे सूत्र बहुतांशी जुनेच आहे.

ही स्थिती केवळ महाराष्ट्रातील नाही. आफ्रिकेतील नायजेरियाचे उदाहरण या संदर्भात उद्बोधक आहे. तेथे लागोस शहरातील अलाबा बाजारपेठेतून कॅसेट व सीडींचे वितरण होत असे आणि बनावट प्रतींचा सुळसुळाटही तेथेच होता. मोठ्या कंपन्यांनी या क्षेत्रातून अंग काढून घेतल्यावरही स्थानिक संगीत वाढत राहिले आणि कलावंतांची भिस्त प्रामुख्याने प्रत्यक्ष कार्यक्रमांवर राहिली. पुढे बर्ना बॉय या नायजेरियन गायकास २०२१ मध्ये ग्रॅमी पुरस्कार मिळाला. तरीही, आंतरराष्ट्रीय ध्वनिमुद्रण संघटनेच्या अहवालानुसार २०२४ मध्ये जगातील ध्वनिमुद्रित संगीताचे उत्पन्न २९.६ अब्ज डॉलर असताना सहाराच्या दक्षिणेकडील संपूर्ण आफ्रिकेतील उत्पन्न सुमारे ११ कोटी डॉलर, म्हणजे अर्ध्या टक्क्याहूनही कमी होते. हा आकडा त्या प्रदेशातील विक्रीचा आहे, तेथील कलावंतांची परदेशातील मिळकत त्यात येत नाही, हे खरे. तथापि, लोकप्रियता आणि स्थानिक अर्थप्राप्ती या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एवढे त्यावरून निश्चित दिसते.

कायद्यातील तरतुदी

भारतीय स्वामित्वहक्क कायदा १९५७ चा आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीच्या प्रकरणात असा निर्णय दिला की, चित्रपटनिर्मात्याने मोबदला देऊन गीत वा संगीत करून घेतले असल्यास, वेगळा करार नसताना, प्रथम मालक निर्माताच ठरतो. त्याच निकालपत्रात न्या. व्ही. आर. कृष्ण अय्यर यांनी गायकाला कायद्यात कोणताच हक्क नाही, या उणिवेकडे लक्ष वेधले होते. ही उणीव दूर होण्यास बराच काळ लागला. १९९४ च्या दुरुस्तीने 'कलावंताचा हक्क' मान्य झाला आणि २०१२ च्या दुरुस्तीने त्यास बळ मिळाले.

२०१२ च्या दुरुस्तीतील तीन बाबी प्राध्यापकवर्गाने लक्षात घेण्याजोग्या आहेत. पहिली, गीतकार व संगीतकार यांनी हक्क विकले तरी चित्रपटगृहातील प्रदर्शनाव्यतिरिक्त होणाऱ्या वापराच्या स्वामित्वधनातील समान वाटा त्यांना कायम मिळावयाचा असतो, तो सोडून देण्याचा करार ग्राह्य धरला जात नाही. दुसरी, सादरीकरणाचा व्यापारी उपयोग झाल्यास कलावंतास स्वामित्वधन मिळण्याचा हक्क कलम ३८-अ मध्ये आहे. तिसरी, सादरीकरणाशी आपले नाव जोडले जावे, हा कलावंताचा नैतिक हक्क कलम ३८-ब मध्ये मान्य झाला आहे. कलावंताच्या हक्काची मुदत ५० वर्षे आहे. याच तरतुदींच्या आधारे २०१३ मध्ये गायकांच्या हक्कांसाठी स्वतंत्र संस्था स्थापन झाली.

कायद्यातील 'कलावंत' या संज्ञेची व्याप्ती मोठी आहे. नट, गायक, वादक, नर्तक यांच्यासोबत डोंबारी, जादूगार आणि गारुडी यांचाही तीत स्पष्ट उल्लेख आहे. कलावंत शिकलेला असावा, नामवंत असावा किंवा गीत त्याने स्वतः रचलेले असावे, अशी अट नाही.

पेठ परिसरातील आदिवासी संगीत

गुजरातच्या सीमेला लागून असलेला पेठ तालुका प्रामुख्याने कोकणा, महादेव कोळी व वारली समाजांची वस्ती असलेला आहे. मार्गशीर्षातील डोंगऱ्यादेवाच्या उत्सवात भोपळा व बांबूपासून बनविलेल्या पावरीच्या सुरावर नाच चालतो. बोहाड्यात सोंगांसोबत संबळ वाजतो. काशाच्या थाळीतून निघणाऱ्या अखंड नादावर भगत कणसरीसारख्या दैवतांच्या कथा गातात. यांपैकी बहुतेक गीतांचा कर्ता अज्ञात आहे. म्हणून गीतकार वा संगीतकार या नात्याने मिळणारे संरक्षण येथे लागू पडत नाही आणि लोकसाहित्यासाठी स्वतंत्र तरतूद आपल्या स्वामित्वहक्क कायद्यात नाही.

परंतु गीत कोणाचेच नसले तरी ते वाजविणारा माणूस निश्चित असतो. पावरी ज्याने वाजविली, तो कायद्याच्या दृष्टीने कलावंत आहे. १९९६ च्या जागतिक करारात लोकपरंपरेचे सादरीकरण करणाऱ्यांचा कलावंत म्हणून स्पष्ट समावेश असून भारत २०१८ मध्ये त्या करारात सहभागी झाला. याउलट, ध्वनिमुद्रणाचा स्वामित्वहक्क ते घडवून आणणाऱ्या निर्मात्याकडे ६० वर्षे राहतो. म्हणजे आज पाड्यावर येऊन थाळीगान टिपून नेणारा, मग तो वाहिनीचालक असो की संशोधक प्राध्यापक, त्या ध्वनिमुद्रणाचा मालक ठरतो. पिढ्यान्‌पिढ्या ती कथा जपणाऱ्या भगताचे नाव मात्र कोठेही नोंदले जात नाही. पावसाळा संपल्यावर दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत मजुरीसाठी जाणाऱ्या कुटुंबांच्या दृष्टीने ही मिळकत लहान असली तरी उपेक्षणीय नाही आणि नाव ही तर मिळकतीहून वेगळी बाब आहे.

या दृष्टीने महाविद्यालयांना काही गोष्टी सहज करता येतील. प्रकल्पासाठी ध्वनिमुद्रण करताना कलावंतांची नावे, गाव, वाद्य, प्रसंग व दिनांक यांची नोंद ठेवावी. साध्या मराठीत एक पानी संमतिपत्र करावे, ते वाचून दाखवावे आणि व्यापारी उपयोग झाल्यास वाटा किती, हे त्यात लिहावे. ध्वनिमुद्रणाची एक प्रत कलावंताच्या हाती द्यावी. जे गायन केवळ विधीच्या प्रसंगीच व्हावे अशी समाजाची धारणा आहे, ते प्रसिद्ध करण्यापूर्वी जाणत्या मंडळींची अनुमती घ्यावी.

निष्कर्ष

१. तबकडी, कॅसेट व अंकीय माध्यम या तिन्ही टप्प्यांत प्रत काढण्याचा खर्च घटत गेला आणि उत्पादकांची, प्रकारांची व बोलींची संख्या वाढत गेली.
२. कलावंताची मिळकत विक्रीच्या प्रमाणात वाढली नाही, कारण ती विक्रीवर नव्हे तर कराराच्या स्वरूपावर अवलंबून होती.
३. २०१२ च्या दुरुस्तीनंतर कायदा कलावंताच्या बाजूने आहे, परंतु लेखी नोंदीअभावी तो पाड्यापर्यंत पोहोचत नाही.
४. आदिवासी संगीताच्या बाबतीत गीताच्या मालकीपेक्षा सादर करणाऱ्याचा हक्क हा अधिक उपयुक्त आधार आहे.

मराठी संगीताचा व्यवसाय किती वाढला हे प्रेक्षकसंख्येवरून मोजता येईल. तो कितपत न्याय्य झाला हे मात्र ध्वनिमुद्रणाखाली पावरी वाजविणाऱ्याचे नाव आहे की नाही, यावरून ठरेल. ते नाव लिहिण्यास मोठा खर्च लागत नाही आणि त्याची सुरुवात महाविद्यालयातील प्रकल्पवहीपासून होऊ शकते.