लोकस्मृतीतला इतिहास : अ‍ॅझ्टेक परंपरा आणि आपल्या सात बहिणी



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ हे व्याख्यान होत आहे, त्यांच्या पिढीच्या शिक्षकांची एक शिकवण होती. दूरचा देश समजून घ्यायचा तर आधी आपला गाव पाहावा, आणि आपला गाव समजत नसेल तर दूरच्या देशाकडे एकदा पाहून यावे. आज त्याच वाटेने जायचे मी ठरवले आहे. विषय मेक्सिकोतील अ‍ॅझ्टेकांचा आहे. पण बोलायचे आहे ते मांद्रे, मोरजी, हरमल आणि शिरगाव यांच्याविषयी.

'अ‍ॅझ्टेक' हे नाव आपल्याला अगदीच अपरिचित नाही. १९८६ सालच्या विश्वचषक फुटबॉल स्पर्धेत मारादोनाने इंग्लंडविरुद्ध ते दोन प्रसिद्ध गोल केले, ते मेक्सिको शहरातल्या अ‍ॅझ्टेका स्टेडियमवर. १९६६ साली उघडलेल्या त्या मैदानाला चारशे-पाचशे वर्षांपूर्वी पराभूत झालेल्या लोकांचे नाव द्यावेसे वाटले, ही साधी गोष्ट नव्हे. राज्य बुडाले, मंदिरे पाडली गेली, राजवंश संपला. मग नाव कसे उरले? आणि नावाबरोबर आणखी काय काय उरले?

पाण्यातून आलेली भूमी

हे लोक स्वतःला 'मेशिका' म्हणवीत. त्यांच्या कथेप्रमाणे ते उत्तरेकडील आझ्त्लान नावाच्या स्थानाहून निघाले. हुइत्सिलोपोच्त्ली या त्यांच्या देवाने सांगितले होते की निवडुंगावर बसलेला गरुड जेथे दिसेल, तेथे वस्ती करा. तो गरुड त्यांना तेश्कोको सरोवरातल्या एका दलदलीच्या बेटावर दिसला. तेथे १३२५ च्या सुमारास तेनोच्तित्लान ही नगरी वसली. आज मेक्सिकोच्या राष्ट्रध्वजावर तोच गरुड आणि तोच निवडुंग आहे. दंतकथा राष्ट्रचिन्ह झाली.

आपणही पाण्यातून आलेल्या भूमीचेच रहिवासी आहोत. परशुरामाने सह्याद्रीवरून बाण सोडला, समुद्र मागे हटला आणि कोकण-गोमंतकाची भूमी वर आली, ही कथा आपण आजीच्या तोंडून ऐकली. हरमलच्या डोंगराशी परशुरामाच्या यज्ञाची कथा जोडलेली आहे.

या दोन्ही कथांच्या मागे माणसांचे श्रम आहेत, आणि ते पाहण्यासारखे आहेत. मेशिकांनी सरोवराच्या उथळ पाण्यात गाळ, माती आणि लव्हाळे रचून 'चिनांपा' नावाची शेते तयार केली व त्यांवर एक मोठी नगरी पोसली. मेक्सिको शहराच्या दक्षिणेस सोचिमिल्को येथे ती शेती आजही पाहता येते. १९८७ साली त्या स्थळाचा जागतिक वारशाच्या यादीत समावेश झाला. गोव्यातील पूर्वजांनी भरतीच्या पाण्याला बांध घातले, बांधांत मानशी बसवल्या आणि खाडीकाठच्या खारट चिखलातून खाजन शेते उभी केली. देवाच्या बाणाने समुद्र हटला असे कथा सांगते. बांध घालणाऱ्या हातांनी तो रोज हटवला, असे शेत सांगते. माझ्या मते ही दोन विधाने परस्परविरोधी नाहीत. ज्यांची नावे कोणी लिहून ठेवली नाहीत, त्यांचे कर्तृत्व लोकांनी एका मोठ्या नावाखाली जपले. या गोमंतकाचेच सुपुत्र दामोदर कोसंबी यांनी १९६२ च्या 'मिथ अँड रिअ‍ॅलिटी' या ग्रंथात दैवतकथांच्या आड दडलेला समाज शोधण्याची जी दृष्टी दिली, ती येथे उपयोगी पडते.

जिंकणारे आणि लिहून ठेवणारे

काळाचा योगायोग पाहा. आफोन्सो द आल्बुकेर्क याने तिसवाडी जिंकली ती १५१० साली. एर्नान कोर्तेस तेनोच्तित्लानमध्ये शिरला तो १५१९ च्या नोव्हेंबरात, आणि ती नगरी पडली १३ ऑगस्ट १५२१ रोजी. एकाच द्वीपकल्पातून निघालेल्या दोन सत्तांनी अवघ्या अकरा वर्षांत पृथ्वीच्या दोन टोकांना पाय रोवले. तेथे देवळांच्या दगडांतून चर्च उभी राहिली. येथे सोळाव्या शतकाच्या मध्यास तिसवाडी, बार्देश आणि साष्टीतली देवळे पाडली गेली. कुशस्थळीचा मंगेश, केळशीची शांतादुर्गा आणि वेर्ण्याची म्हाळसा ही दैवते रातोरात नदीपार, आजच्या फोंडे तालुक्यात गेली. दिवाडीच्या सप्तकोटेश्वराचे लिंग डिचोलीतल्या नार्वे येथे आले, आणि १६६८ साली शिवाजी महाराजांनी त्या देवालयाचा जीर्णोद्धार करविला.

पेडण्याचे दैव वेगळे होते. हा महाल पोर्तुगिजांच्या हाती कायमचा गेला तो १७८८ साली, सावंतवाडीकरांकडून. तोवर धर्मांतराचा जोर ओसरला होता. म्हणून आपल्याकडे देवळे राहिली, दशावतारी काले राहिले, पौषात रात्री धालो खेळणाऱ्या बायकांचा मांड राहिला. आपण मुळात अधिक निष्ठावान होतो असे नव्हे. आपल्यावरचा प्रहर उशिरा आला, इतकेच. हे लक्षात ठेवले तर बार्देश-साष्टीतल्या आपल्या बांधवांविषयी बोलताना जीभ नम्र राहील.

आणखी एक विलक्षण साम्य आहे. मेक्सिकोत बेर्नार्दिनो दे सहागुन नावाच्या फ्रान्सिस्कन पाद्र्याने मेशिका वृद्धांना विचारून त्यांचे देव, सण, औषधी आणि कथा त्यांच्याच नाहुआत्ल भाषेत लिहून घेतल्या. १५७७ च्या सुमारास पूर्ण झालेला तो बारा भागांचा सचित्र ग्रंथ आज इटलीतील फ्लोरेन्स येथे आहे. मूर्तिपूजा ओळखता यावी आणि उखडता यावी, हा त्याचा हेतू. आपल्याकडेही राशोलच्या परिसरात जेजुइट पाद्र्यांनी रामायण-महाभारतातल्या कथा व मराठी पद्ये रोमन लिपीत उतरवून घेतली. ती हस्तलिखिते आज पोर्तुगालमधील ब्रागा येथील ग्रंथालयात आहेत. खंडनासाठी जमवलेले साहित्य शेवटी जतनाचे साधन ठरले. इतिहासाचा न्याय असा कधीकधी उलट्या वाटेने येतो.

आमची आई, आमची सायबिण

परंतु ग्रंथ वाचणारे थोडे. सामान्य माणसाच्या स्मृतीत जे उरते ते जत्रेत उरते.

मेक्सिको शहराजवळ तेपेयाक नावाची टेकडी आहे. तेथे मेशिकांची एक मातृदेवता पूजली जाई. तिला 'तोनान्त्सिन' म्हणत. अर्थ, 'आमची आई'. ख्रिस्ती परंपरेनुसार १५३१ च्या डिसेंबरात त्याच टेकडीवर हुआन दिएगो या स्थानिक माणसाला मारिया मातेचे दर्शन झाले. तीच ग्वादालुपेची माता. दर वर्षी १२ डिसेंबरला तेथे लाखो लोक लोटतात. लोक मारियेच्या दर्शनाला दुरून येतात आणि तिला तोनान्त्सिन म्हणतात, अशी तक्रार खुद्द सहागुनने लिहून ठेवली आहे. पाद्र्याला जी शंका होती, ती भक्तांना कधी पडलीच नाही.

आता आपल्या घरी या. सात बहिणी आणि त्यांचा भाऊ खेतोबा घाटावरून आले आणि मयेला उतरले, ही कथा आपल्याला ठाऊक आहे. विस्तव आणायला गेलेला भाऊ खेळात रमला, उशिरा आला; बहिणीने रागाने लाथ मारली आणि तो रुसून वायंगिणीला निघून गेला. पश्चात्तापाने लईराई शिरगावला होमखणातून चालते, तर केळबाईने मुळगावला डोक्यावर पेटती आग धरली. महामाया मयेला राहिली. मोरजाई आपल्या शेजारी मोरजीला आली. आणि मिराबाई म्हापशाला जाऊन 'मिलाग्र सायबिण' झाली. उरलेल्या बहिणींची नावे व ठिकाणे गावागणिक थोडी बदलतात. लोककथेचा तो स्वभावच आहे.

म्हापशाच्या सां जेरोनिमो चर्चमधल्या या सायबिणीच्या फेस्ताला हिंदू आणि ख्रिस्ती दोघेही तेल अर्पण करतात. वैशाख शुद्ध पंचमीस व्रतस्थ धोंड वेताची काठी घेऊन होमखण तुडवतात आणि लईराईला मोगऱ्याच्या कळ्या वाहतात. सक्तीने दुभंगलेल्या समाजाने 'आम्ही अजून एकाच आईची लेकरे आहोत' हे सांगण्यासाठी इतिहासाचा दाखला शोधला नाही. त्याने बहिणी-बहिणींचे नाते सांगितले. धर्म बदलला तरी बहीण बहीणच राहते, याहून सोपे आणि सखोल उत्तर कोणत्या पंडिताने दिले आहे? शापोरा ओलांडून शिवोलीला गेलात तर तेथील जागरात हिंदू आणि ख्रिस्ती एकाच मांडावर उभे राहतात. तेही त्याच उत्तराचे दुसरे रूप.

बसवरचा सिंह, भिंतीवरचे कॅलेंडर

जुना इतिहास देवळाबाहेरही वावरतो. मेक्सिको शहराची भुयारी रेल्वे खणताना १९६७ साली वाऱ्याच्या देवाची एक वेदी सापडली. ती हलवली नाही. पिनो सुआरेस या स्थानकातच ती आज उभी आहे. १९७८ साली वीज खात्याच्या कामगारांच्या कुदळीला कोयोल्शाउकी या देवतेची प्रचंड शिळा लागली आणि त्यातून महामंदिराचे उत्खनन सुरू झाले. पोपोकातेपेत्ल व इस्ताक्सिवात्ल हे दोन पर्वत म्हणजे एक योद्धा आणि त्याची प्रिया, ही कथा घरोघर पोचली ती हेसुस हेल्गेरा या चित्रकाराच्या कॅलेंडरांमुळे. आपल्या आईबापांनीही राम, विठोबा आणि शिवाजी महाराज प्रथम पाहिले ते कॅलेंडरावरच.

आणि आपण रोज हात दाखवून थांबवतो ती बस कोणाची? कदंबांची. १९८० साली स्थापन झालेल्या परिवहन महामंडळाने गोव्याच्या मध्ययुगीन राजघराण्याचे नाव घेतले आणि त्यांचा सिंह आपल्या चिन्हात आणला. चंद्रपूर आणि गोपकपट्टण येथून राज्य करणारे, सप्तकोटेश्वराला कुलदैवत मानणारे ते राजे. 'कदंब चुकली' असे म्हणणाऱ्या किती मुलांना ते कोण, हे माहीत आहे? नाव उरले, पण नावामागचे माणूस निसटले. हे अर्धेच उरणे आहे.

इतकेच कशाला, 'टोमॅटो' हा शब्द मेशिकांच्या 'तोमात्ल'पासून आला, आणि ज्या झेंडूच्या माळेवाचून आपला दसरा होत नाही तो मूळचा मेक्सिकोचा. तेथे मृतांच्या दिवसांत थडग्यांवर तोच वाहतात.

दोन धोके

लोकप्रिय संस्कृती इतिहास जिवंत ठेवते हे खरे, पण ती दोन प्रकारे दगाही देते.

पहिला धोका असत्याचा. मोक्तेसुमाने कोर्तेसला परत आलेला देव केत्सालकोआत्ल मानले, ही गोष्ट जगभर पाठ्यपुस्तकांत आणि चित्रपटांत सांगितली गेली. कॅमिला टाउनसेंड यांच्यासारख्या अभ्यासकांनी दाखवले आहे की ही कथा विजयानंतर रचली गेली. जिंकलेल्यांना भोळे ठरवणे जेत्याला सोयीचे असते. गोव्याविषयीही एक सोयीचे चित्र आहे: जणू हा प्रदेश एका युरोपीय किनाऱ्याचा तुकडा, आणि मांद्र्याची ओळख म्हणजे वाळू व उपाहारगृहे. त्या चित्रात धालो नाही, काला नाही, मानशीवर रात्री जागणारा माणूस नाही.

दुसरा धोका देखाव्याचा. 'स्पेक्टर' या २०१५ सालच्या बाँडपटात मेक्सिको शहरातली मृतांच्या दिवसाची एक भव्य मिरवणूक दाखवली होती. तशी मिरवणूक त्या शहरात निघतच नसे. पडद्यावर पाहिल्यावर २०१६ पासून ती खरोखर निघू लागली. आपल्याकडेही शिगमा मांडावरून शहरांच्या रस्त्यांवर, चित्ररथांच्या स्पर्धेत आला आहे. मी त्याची निंदा करणार नाही. त्या रथांनी तरुण मुलांच्या हाती ढोल दिला. पण मांडावर आधी नमन होते, गावकऱ्यांचा मान होतो, देवाला गाऱ्हाणे घातले जाते. स्पर्धेत आधी क्रमांक लागतो. मांडावर सगळे सहभागी असतात, रस्त्यावर बहुतेक प्रेक्षक. मांड रिकामा पडून नुसता रथच उरला, तर पुढल्या पिढीला पोशाख मिळेल. नमन कोणाला आणि का घालायचे, ते मिळणार नाही.

शाळेचे काम

नाहुआत्ल भाषा बोलणारे पंधरा लाखांहून अधिक लोक आज मेक्सिकोत आहेत. म्हणजे अ‍ॅझ्टेक ही संग्रहालयातली जमात नाही. त्यांचे वंशज बाजारात टोमॅटो विकत आहेत. ध्वजावर गरुड मिरवणाऱ्या देशाने त्या विक्रेत्यांच्या भाषेला शाळेत कितीसे स्थान दिले, हा प्रश्न तेथे विचारला जातो. आपणही तो स्वतःला विचारावा. लईराईच्या जत्रेचे छायाचित्र सगळ्यांकडे असते. धालोगीते संपूर्ण येणाऱ्या किती आज्या आपल्या वाड्यावर उरल्या, हे किती जणांना ठाऊक आहे?

म्हणून माजी विद्यार्थ्यांना माझी एक साधी विनंती आहे. या वर्षी शाळेतल्या प्रत्येक मुलाने घरातल्या वडीलधाऱ्या माणसाकडून एक कथा जशीच्या तशी लिहून घ्यावी. सांगणाऱ्याचे नाव, वाडा आणि तारीख घालावी. दोन घरांत ती वेगळी निघाली तर दोन्ही ठेवाव्यात. सहागुनने परक्या हेतूने जे केले, ते आपण आपुलकीने करू. त्या वह्यांचे एक कपाट शाळेत उभे राहिले, तर ज्यांच्या स्मरणार्थ आपण जमलो त्यांचे यथोचित स्मारक झाले असे मी समजेन.