बक्षीस आणि ताम्रपट

चिंचवडच्या चापेकर चौकातून आपल्यापैकी कितीतरी जण रोज ये-जा करतात. तेथील शिल्पाकडे पाहिले की मला मात्र एका रकमेची आठवण होते. २२ जून १८९७ च्या रात्री गणेशखिंड रस्त्यावर प्लेग कमिटीचा प्रमुख रँड आणि लेफ्टनंट आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या. आयर्स्ट जागच्या जागी ठार झाला, रँड ३ जुलैला मेला. मारेकऱ्यांचा माग देणाऱ्यास इंग्रज सरकारने वीस हजार रुपयांचे बक्षीस जाहीर केले. त्या बक्षिसाचा मोह द्रविड बंधूंना पडला आणि १८९९ च्या फेब्रुवारीत तो त्यांच्या प्राणांवर बेतला. दामोदर चापेकर १८ एप्रिल १८९८ ला फासावर गेले, वासुदेव आणि बाळकृष्ण पुढच्या वर्षीच्या मे महिन्यात.

स्वातंत्र्यासाठी झटणाऱ्यांच्या गौरवाचा विचार करू लागलो की या बक्षिसापासूनच सुरुवात करावी लागते. त्याचे कारण सरकारी नियमांतच दडलेले आहे.

स्वातंत्र्याच्या रौप्यमहोत्सवानिमित्त १९७२ साली स्वातंत्र्यसैनिकांना ताम्रपट देण्यात आले आणि त्याच वर्षी १५ ऑगस्टपासून केंद्राची निवृत्तिवेतन योजना सुरू झाली. आरंभी दरमहा दोनशे रुपये मिळत. तेही वार्षिक उत्पन्न पाच हजारांच्या आत असेल तर. म्हणजे तो गौरव कमी आणि आधार जास्त. १९८० साली उत्पन्नाची अट गेली आणि योजनेच्या नावात 'सन्मान' हा शब्द आला. ही दुरुस्ती मला फार मोलाची वाटते.

पात्रतेचा सर्वसाधारण निकष सहा महिन्यांच्या तुरुंगवासाचा. स्त्रियांना व अनुसूचित जातीजमातींच्या सैनिकांना तीन महिन्यांचा. तुरुंगात गेलेल्याचे नाव दप्तरात असते, ते शोधता येते. पण जो भूमिगत राहिला, त्याने पुरावा कोठून आणावा? येथे नियम मोठा गमतीचा आहे. सहा महिन्यांहून अधिक काळ भूमिगत असलेला माणूस पात्र ठरतो, पण त्याला फरारी घोषित केलेले असावे, किंवा त्याला पकडण्यासाठी बक्षीस लागलेले असावे, किंवा त्याच्यावर निघालेला स्थानबद्धतेचा हुकूम बजावता आलेला नसावा! क्रांतिसिंह नाना पाटील प्रतिसरकारच्या काळात भूमिगत होते; त्यांच्यावर लागलेले बक्षीस हेच पुढे असे प्रमाणपत्र ठरण्याजोगे. शत्रूने लावलेली किंमत स्वकीयांच्या दप्तरात पुराव्याच्या रकान्यात जाऊन बसते.

हा प्रकार आपल्याच देशापुरता आहे असे मात्र नाही. दक्षिण आफ्रिकेच्या सरकारने नेल्सन मंडेला यांना १९६४ साली जन्मठेप दिली. १९७९ चा जवाहरलाल नेहरू पुरस्कार भारताने त्यांनाच दिला, तेव्हा ते तुरुंगातच होते. त्यांच्या वतीने ऑलिव्हर टाम्बो यांनी दिल्लीत येऊन तो स्वीकारला. १९९० साली सुटकेनंतर त्यांना भारतरत्न मिळाले. तरीही अमेरिकेच्या दहशतवादविषयक यादीतून त्यांचे नाव निघायला २००८ साल उजाडले. एकच माणूस, दोन दप्तरे!

चापेकरांच्या बाबतीत दुसरीही एक अडचण आहे, ती लपवू नये. दामोदरांनी तुरुंगात लिहिलेल्या आत्मवृत्तातून सुधारकांविषयीचा त्यांचा तीव्र द्वेष स्पष्ट दिसतो. त्यांचे धैर्य मान्य करताना त्यांचे सगळे विचार मान्य करण्याचे कारण नाही. असो, तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

मला राहून राहून वाटते ते वेगळेच. भूमिगतांना रात्री भाकरी पोचविणाऱ्या, निरोप नेणाऱ्या, फौजदार दाराशी आला असता 'घरात कोणी नाही' असे शांतपणे सांगणाऱ्या बाया गावोगाव होत्या. त्यांच्यावर ना वॉरंट निघाले, ना बक्षीस लागले. त्यांच्या अर्जाला जोडायला शत्रूचा एकही कागद नव्हता.