कॅसेटपासून प्राइम टाइमपर्यंत: शिंदे घराण्याचा आवाज टीव्हीवर कसा आला?

विठ्ठलवाडी, उल्हासनगर, अंबरनाथ या पट्ट्यात राहत असाल तर एक गोष्ट तुमच्याही लक्षात आली असेल. आषाढीला लाऊडस्पीकरवर प्रल्हाद शिंदे लागतात आणि 14 एप्रिलच्या भीमजयंतीलाही शिंदेच लागतात. एकच घराणं, दोन्ही उत्सव. मग टीव्हीवर हे घराणं ठळकपणे दिसायला तिसरी पिढी का यावी लागली?

आधी कॅसेट

मुंबई दूरदर्शन सुरू झालं 2 ऑक्टोबर 1972 ला. तेव्हा एकच चॅनल, वेळ मोजका. कव्वाली, लोकगीतं आणि भीमगीतांचा मोठा श्रोता होता तो रस्त्यावरच्या कार्यक्रमांत, नंतर कॅसेटवर. 'पाऊले चालती' गाणारे प्रल्हाद शिंदे (निधन 2004) घराघरांत पोहोचले ते याच वाटेनं. मुलगा आनंद यांचं 'नवीन पोपट' गाजलं तेही कॅसेटवरच.

(गोंधळ नको: आनंद-मिलिंद शिंदे वेगळे आणि हिंदी सिनेमातले संगीतकार आनंद-मिलिंद वेगळे. ते चित्रगुप्त यांचे मुलगे.)

मग चॅनल वाढले

1999 मध्ये अल्फा मराठी आलं, 2008 मध्ये स्टार प्रवाह. रोजच्या मालिका आल्या आणि त्यांना शीर्षकगीतं लागली. आनंद यांचा मुलगा आदर्श शिंदे याचा आवाज 2014 मध्ये 'जय मल्हार'मधून रोज संध्याकाळी घरात घुमू लागला. 2021 च्या 'बिग बॉस मराठी 3'मध्ये त्याचा भाऊ, डॉक्टर आणि गायक उत्कर्ष, अंतिम फेरीपर्यंत गेला. पुढे 'मी होणार सुपरस्टार – छोटे उस्ताद'मध्ये आदर्श मुलांचं गाणं पारखायला बसला. शेजारच्या खुर्चीत होत्या वैशाली सामंत, ज्यांनी त्याच्या वडिलांसोबत 'जत्रा'मधलं (2006) 'कोंबडी पळाली' गायलं होतं!

हे महत्त्वाचं का?

2019 मध्ये स्टार प्रवाहवर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांवरची मालिका आली. शीर्षकगीत आदर्शच्या आवाजात. जे भीमगीत अनेक घरांनी फक्त जयंतीच्या मिरवणुकीत, तेही खिडकीतून ऐकलं होतं, ते आता त्यांच्याच हॉलमध्ये रोज वाजू लागलं. 'वस्तीतलं गाणं' आणि 'घरातलं गाणं' ही विभागणी सुरांमुळे झालेली नव्हती. ती ऐकणाऱ्यांच्या जातीपातीच्या सवयीतून आली होती.

शिंद्यांचा आवाज तीन पिढ्या खणखणीतच होता. टीव्हीनं तो मोठा केला नाही, फक्त आधी न ऐकणाऱ्यांपर्यंत नेला.

तुमच्या घरी शिंदे घराण्याचं पहिलं गाणं कोणतं वाजलं होतं? कमेंटमध्ये सांगा.