एका सेकंदाला एक फूट

समोर कॅमेऱ्याची छोटीशी मूठ आहे असं समजा आणि ती गरगर फिरवा. एका सेकंदात दोन फेरे. जास्त नाही, कमी नाही. आता मिनिटभर तसंच. हात भरून आला ना?

सव्वाशे वर्षांपूर्वी मुंबईत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर हेच काम करायचे. लोक त्यांना सावेदादा म्हणत. त्यांचा फोटोंचा स्टुडिओ होता. ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं आली, तिकीट एक रुपया. ती पाहिली आणि सावेदादांना चैनच पडेना. त्यांनी थेट इंग्लंडहून कॅमेरा मागवला, २१ गिनी मोजून!

१८९९ मध्ये त्यांनी हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती लावली. पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी, दोघेही नावाजलेले पैलवान. इकडे पैलवान एकमेकांना भिडलेले, तिकडे सावेदादा मूठ फिरवताहेत.

आता त्या पेटीच्या आत डोकावू या, कारण खरी गंमत तिथेच आहे. मूठ एकसारखी फिरते, पण फिल्म मात्र थांबत थांबत जाते! फिल्मच्या कडेला भोकं असतात. एक चिमुकला आकडा त्यांत अडकतो, फिल्म खाली ओढतो आणि सोडून देतो. फिल्म क्षणभर स्तब्ध. तेवढ्यात समोरची झडप उघडते, उजेड आत येतो, चित्र उमटतं, झडप बंद. पुन्हा आकडा, पुन्हा ओढ. हे सगळं सेकंदाला साधारण १६ वेळा! एक फूट फिल्मवर १६ चित्रं मावतात, म्हणजे दर सेकंदाला एक फूट फिल्म खलास. आणि हात मंदावला तर? चित्रं कमी निघतात. मग नेहमीच्या वेगानं पडद्यावर दाखवताना माणसं तुरुतुरु पळू लागतात.

काम फत्ते झालं की नाही, हे तेव्हा कळायचंही नाही. कुस्तीची फिल्म धुवायला बोटीनं लंडनला गेली. ती परत येईपर्यंत नुसती वाट पाहायची! कुस्ती एक वेळ पुन्हा लावता येईल. पण बातमी? ती एकदाच घडते.

डिसेंबर १९०१ मध्ये अशीच एक बातमी बोटीतून मुंबईत उतरली. दापोलीजवळच्या मुर्डी गावचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे! केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत पहिलं येणाऱ्याला सीनियर रँग्लर म्हणत. तो मान मिळवणारे ते पहिले भारतीय. त्यांच्या स्वागताला मुंबई लोटली आणि सावेदादांनी तो सोहळा टिपला. भारतातली ही पहिली वृत्तफिल्म मानतात. पुढे अनेक वर्षं चित्रपटगृहात सिनेमाआधी अशी बातमीपटांची रिळं दाखवत. आजीआजोबांना विचारा, त्यांना नक्की आठवतील.

१९०३ चा दिल्ली दरबार, म्हणजे इंग्रज सरकारचा थाटामाटाचा सोहळा, तोही सावेदादांनी टिपला. त्यांच्या फिल्म आज पाहायला मिळत नाहीत, याची मला फार हळहळ वाटते. रँग्लर बोटीतून उतरले तेव्हा हसले होते का, पाहायला किती आवडलं असतं!

आणि एक सांगायचं राहिलंच. त्या रँग्लर परांजप्यांची नात कोण, ठाऊक आहे? सई परांजपे. मोठी झाल्यावर तिनं सिनेमेच केले, त्यांतले काही खास मुलांसाठी.